कोणाची गो तू?

२०१८ चा मे महिना. लोटे फाट्यावर एसटीच्या शेडमध्ये आम्ही चिपळूणच्या गाडीची वाट बघत बसलो होतो. शेजारच्या एका आजीनं माझ्या थोरलीकडं निरखून पाहिलं आणि विचारलं, “कोणाची गो तू?”

थोरली तेव्हा बारा वर्षांची. सौदी अरेबियातल्या जुबैलहून येऊन आम्हाला आठवडासुद्धा झाला नव्हता. तिनं एकदा माझ्याकडं पाहिलं, पाठ ताठ केली आणि विमानतळावरच्या खिडकीपुढं सांगावं तसं सांगितलं, “मी इंडियन आहे.”

शेडमधले सगळे हसले. आजीही हसली, पण तिचं समाधान झालं नव्हतं. “व्हय गो बाय, पण कोणाची?”

मग मीच मध्ये पडले. सासऱ्यांचं नाव सांगितलं, वाडी सांगितली, घर कुठल्या वळणावर तेही सांगितलं. “हां, मग तसं सांग की,” म्हणत आजीनं पानाची चंची उघडली. तिच्यापुरता प्रश्न मिटला. लेकीचा चेहरा मात्र उतरला होता. जन्मापासून ज्या उत्तरावर तिचं भागत आलं होतं, ते तिच्या स्वतःच्या म्हणवल्या जाणाऱ्या गावात पहिल्याच फेरीत नापास झालं होतं.

आज तुमच्याशी बोलायचंय ते याबद्दलच. तुमच्यातले काही परत आलेत, काही मस्कत-दोह्यात बसून परतायचं वर्ष ठरवताहेत, काहींची मुलं न्यू जर्सीच्या शाळेत आहेत. देश वेगवेगळे, पण घराघरांत वाक्य एकच असतं: “एक दिवस आपल्याला आपल्या घरी जायचंय.” आमच्याही घरात होतं.

प्रत्यक्षात आम्ही निघालो ते घराच्या ओढीनं नव्हे, पैशाच्या हिशोबानं. खोटं कशाला सांगू? सौदी सरकारनं १ जुलै २०१७ पासून परदेशी कामगाराच्या कुटुंबातल्या प्रत्येक माणसामागं महिना शंभर रियाल घ्यायला सुरुवात केली. दर वर्षी आणखी शंभर वाढून २०२० मध्ये चारशे होणार होते. मी आणि दोन मुलं, तीन डोकी. म्हणजे महिना बाराशे रियाल, नुसते आम्ही तिथं राहतो म्हणून. त्या वर्षी आमच्या बिल्डिंगमध्ये रोज कुणाच्या तरी दारात चिकटपट्टीचा तो करकर आवाज यायचा. कार्टन बांधली जात होती. नवरे मागं राहायचे आणि बायकापोरं ‘फायनल एक्झिट’वर निघायची. आम्हीही तेच केलं.

केलं तेसुद्धा चोख. राज्याच्या कोट्यातून मेडिकलला जायचं तर दहावी आणि बारावी दोन्ही महाराष्ट्रातून झालेली हवी, डोमिसाइल हवं, हे आखातातल्या मराठी आईबापांना पाठ असतं. परतायचं वर्ष बरेच जण यावरूनच ठरवतात. थोरली सातवीत जाणार होती, धाकटा दुसरीत. म्हणजे वेळ बरोब्बर. शाळेचे दाखले, जन्मदाखले, लसीकरणाची कार्डं सगळं प्लॅस्टिकच्या फोल्डरमध्ये. कार्टन हुकाच्या काट्याला टांगून तीस किलोच्या आत बसवलेली. लेकीला तिचं काय म्हणणं आहे हे विचारायचं मात्र कुणाला सुचलं नाही. त्यात विचारायचं काय? आपल्याच घरी तर चाललोय!

जूनमध्ये शाळा सुरू झाली आणि चौथ्या दिवशी मला बोलावणं आलं. थोरलीनं वर्गात उभं राहून बाईंना सांगितलं होतं, “तू माझी वही परत दिली नाहीस.” वर्ग खिदळला, बाई संतापल्या. मी खाली मान घालून माफी मागितली आणि रस्ताभर लेकीला झाडत घरी आले. ती एवढंच म्हणत होती, “पण मी काय चुकीचं बोलले?”

रात्री भांडी घासताना माझ्या डोक्यात उजेड पडला. तिचं मराठी चांगलं होतं, पण ते ती आयुष्यभर दोनच माणसांशी बोलली होती, आईशी आणि बाबाशी. मराठीत आईला ‘तू’ म्हणतात. आजीला ‘तू’, देवालाही ‘तू’. आमच्या घरात बाबालाही ‘तू’. अहो-जाहो लागतं ते शेजारच्या काकांना, दुकानदाराला, गाडीत भेटलेल्या परक्या माणसाला. जुबैलमध्ये शेजारचे काका केरळचे, दुकानदार येमेनी, बाई हैदराबादच्या. त्यांच्याशी मराठीत बोलणार कोण? ‘तुम्ही’ हा शब्द तिनं कधी तोंडात घोळवलाच नव्हता. उद्धटपणाचा प्रश्नच नव्हता. तिचं मराठी उंबऱ्याबाहेर कधी पडलं नव्हतं, इतकंच.

मग मला जिथं तिथं तेच दिसायला लागलं. जेवणाचे, अंघोळीचे, लाडाचे आणि रागवण्याचे सगळे शब्द तिच्याकडं होते. मैदानावरचा एक नव्हता. राज्य कुणावर आलं, डाव कुणाचा, भोज्जा म्हणजे काय, ‘टॅम्प्लीज’ कधी म्हणायचं? भांडायचं कसं? जुबैलला ती मैत्रिणींशी हिंदीत भांडायची, तेही मल्याळी हेल काढून. इथं भांडण सुरू झालं की शब्द शोधता शोधता ते संपून जायचं आणि ही हरलेली.

धाकट्याची गोष्ट वेगळी. सात वर्षांचं पोर कुठल्याही गावात शिव्यांपासून सुरुवात करतं आणि दोन महिन्यांत गावचं होतं. पहिल्यांदा त्याच्या तोंडून अस्सल शिवी ऐकली तेव्हा मी धपाटा घातला, आणि आत जाऊन जरा सुटकेचा श्वासही टाकला. त्याच्याबद्दल मी इथं फार लिहिणार नाही. सात आणि बारा या दोन वयांत पाच वर्षांचं नाही, एका आख्ख्या जगाचं अंतर असतं.

थोरलीनं स्वतःचं कार्टन उघडलंच नव्हतं. मार्करनं इंग्रजीत नाव लिहिलेलं ते खोकं तिच्या खाटेखाली तसंच होतं. लागणारे कपडे माझ्या बॅगेतून घ्यायची. “अगं, सामान लाव की,” म्हटलं तर म्हणायची, “लावते.” मला तो आळस वाटला. हा धडा तिला मीच शिकवला होता हे कळायला वेळ गेला. जुबैलला तेरा-चौदा वर्षं आम्ही चांगली कपाटं घेतली नाहीत. कशाला? जायचंच आहे. तिनं मांजर मागितलं. कशाला, जायचंच आहे. खिडकीत कुंडी नको, भिंतीला खिळा नको. आपण इथले नाही हे आम्ही तिला इतक्या मायेनं, इतक्या वेळा सांगितलं, की पोरगी बिचारी कुठंच सामान न लावायला शिकली.

हे लिहायला मला अवघड जातंय, पण लिहिते. परत आलो ते मी आणि तिचा बाबा. आमचं गाव इथं होतं, आमच्या आठवणी इथं होत्या. तिच्यासाठी हे परतणं नव्हतंच. दर दोन वर्षांनी सुट्टीत चार आठवडे पाहिलेल्या, आंब्याफणसाच्या, लाड करणाऱ्या एका जागी तिला कायमचं नेऊन सोडलं होतं. चौदा वर्षं जी घरची ओढ मी वागवली, ती मी विमानतळावर उतरताना सोडून दिली आणि नेमकी तीच लेकीच्या गळ्यात पडली. आता तिला घरची ओढ होती. घर तेवढं जुबैलला होतं. आणि ते बोलून दाखवायची सोय नव्हती, कारण आमच्या सगळ्यांच्या मते ती घरीच होती.

व्हिएन्ना सोडून न्यूयॉर्कला गेलेला आल्फ्रेड शुट्झ नावाचा एक अभ्यासक होता. १९४५ मध्ये, लढाईवरून सैनिक घरी परतत होते त्या काळात, त्यानं ‘द होमकमर’ नावाचा निबंध लिहिला. परक्या जागी जाणाऱ्याला सगळं नवं असणार हे आधीच माहीत असतं, म्हणून तो सावध असतो. घरी येणारा गाफील असतो, हा त्याचा मुद्दा. पुढं जॉन आणि रूथ युसीम हे अमेरिकन जोडपं भारतात आलं. परदेशात शिकून परतलेल्या भारतीयांवरचं त्यांचं पुस्तक १९५५ चं आहे. आईबापांचा देश एक, वाढण्याचा देश दुसरा, अशा मुलांसाठी ‘थर्ड कल्चर किड’ हा जो शब्द आज सगळीकडं वापरतात तो याच रूथबाईंचा. गंमत म्हणजे, आपल्याच देशातल्या त्यांच्या कामातून सुरू झालेला तो विचार आपल्याच पालकसभांमध्ये कधी कानावर येत नाही.

ज्यांची मुलं अमेरिकेत जन्मून तिथली नागरिक झालीत त्यांना तर मूल पुरतं इथलं नाही हे कायदाच सांगतो. आपल्याकडं दुहेरी नागरिकत्व नाही. ओसीआय कार्डावर मूल इथं हवं तितकं राहील, पण मतदान करता येणार नाही. आजोबांच्या शेतात लावणीला उतरेल, वारसानं ते शेत त्याच्या नावावरही होईल, पण शेजारची शेतजमीन विकत घेता येणार नाही. ४ मार्च २०२१ च्या अधिसूचनेनंतर ओसीआय झालेल्या मुलांना ‘नीट’मधून भारतीय नागरिकांसाठीच्या जागा मिळत नाहीत, एनआरआय किंवा जादाच्या (सुपरन्यूमररी) जागांवरच प्रवेश मिळतो. निघण्याआधी हे नीट बघून घ्या, इथं आल्यावर कळलं तर मूल विचारतं, “मग आपलं घर, आपलं घर असं काय म्हणत होतात?”

आता वासाची गोष्ट.

लोटे म्हणजे पाटीवर ‘लोटे परशुराम’, आणि तालुक्याला विचाराल तर ‘लोटे एमआयडीसी’. रासायनिक कारखान्यांची वसाहत. मुंबई-गोवा महामार्गाला लागून, खेड आणि चिपळूणच्या मध्ये. पावसाळ्यात हवा कोंदली की संध्याकाळी एक वास खाली उतरतो. गावातल्या बायकांना तो वास ओळखू येतो, कुठल्या दिशेनं आला तेही सांगतात. दाभोळ खाडीतले मच्छीमार सांडपाण्याबद्दल वर्षानुवर्षं तक्रारी करत आलेत. त्या वासाचं कौतुक करायला मी बसलेली नाही. जुलैतली अशीच एक संध्याकाळ होती, पाऊस नुकताच थांबलेला. मी नाकाला पदर लावून एकेक खिडकी बंद करत चालले होते. थोरलीच्या खोलीत आले तर तिनं खिडकी सताड उघडली होती. गजांना नाक लावून उभी होती.

“बंद कर ती खिडकी.”

“थांब ना आई. घरचा वास येतोय.”

जुबैल म्हणजे एकेकाळचं कोळ्यांचं गाव. १९७५ मध्ये तिथल्या सरकारनं औद्योगिक शहर उभारायला घेतलं. आज पेट्रोकेमिकलच्या जगात त्याचं नाव आहे. तिच्या बाबाच्या डांगरीला, गाडीच्या सीटला, रात्रीच्या हवेला तो वास असायचा. मी तिला इथं आणलं ते सुरंगीचा वास, ओल्या मातीचा वास, चुलीवरच्या घावण्याचा वास द्यायला. आणि पोरीला आपलं वाटलं काय, तर कारखान्याचा धूर! मला हसू आलं नाही. खरं सांगायचं तर राग आला, आणि मी जाऊन तो पडवीत बसलेल्या सासऱ्यांपुढं ओकले.

सासरे सुपारी कातरत होते. सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, “तुजा नवरा भोंग्यासाठी रडायचा.”

हे मी लग्नाला इतकी वर्षं होऊन पहिल्यांदा ऐकत होते. सासरे लालबागला गिरणीत होते. १८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांचा संप सुरू झाला. अडीच लाख कामगार बाहेर पडले, त्यांत आपल्या रत्नागिरीचे किती ते मोजायलाच नको. संप मिटेल, मिटेल करत यांनी गणपतीपर्यंत कळ काढली. मग बायकामुलांना घेऊन गावी आले. माझा नवरा तेव्हा आठ वर्षांचा. चाळीत जन्मलेला, चाळीत वाढलेला. “पाटं उठायचा नि हितंच पायरीवर बसायचा,” सासरे सांगत होते. “त्याला वाटायचं भोंगा वाजल्याबिगर उजाडत नाय.”

“मग तुम्ही काय केलंत?”

“काय करनार? पोटाची भ्रांत व्हती. पोरांना तवा कोन विचारतंय?” सुपारीची खांडं त्यांनी डबीत भरली. “झाला सरळ आपोआप.”

‘आपोआप’ हा शब्द आपल्या घराघरांत फार काम करतो. त्या रात्री मी जुबैलला फोन लावला आणि नवऱ्याला भोंग्याबद्दल विचारलं. पलीकडं बराच वेळ शांतता. मग म्हणाला, “तुला कोणी सांगितलं?” आणि थोड्या वेळानं, “अजून प्लांटमध्ये सायरनची चाचणी असली ना, की मला बरं वाटतं.” चव्वेचाळीस वर्षांचा माणूस. शाळेत त्याला ‘मुंबैकर’ म्हणून चिडवत, त्याची चड्डी शहरी होती म्हणून ओढत, हे सगळं त्यानं मला त्या दिवशी सांगितलं. स्वतःच्या आईला कधीच सांगितलं नव्हतं. संपानं परत आलेली अशी मुलं आपल्या गावागावांत होती. आज ती पन्नाशीत आहेत, त्यांना विचारून बघा. आखातातून, अमेरिकेतून आणलेल्या पोरांचं काय होतं याचे जाणकार शोधायला लांब जायला नको.

परतलेल्या माणसाचं कौतुक आपल्याला एकाच साच्यात करता येतं: त्यानं काहीतरी उभं केलं पाहिजे. ‘स्वदेस’ सिनेमातला शाहरुख वीज आणतो. नंदुरबार जिल्ह्यातल्या बिलगावात अमेरिकेतून परतलेल्या मंडळींनी आणि गावकऱ्यांनी खरोखरच ओढ्यावर वीज तयार केली होती. पुढं ती सरदार सरोवराच्या पाण्यात गेली, हा भाग सिनेमात नाही. आमच्या लोट्यात ज्यांच्या नावाचा कारखाना आहे आणि शेजारच्या लवेलमध्ये ज्यांच्या नावाचं इंजिनिअरिंग कॉलेज आहे ते केकी घरडा अमेरिकेत, मिशिगनला शिकून परत आलेले. मोठीच माणसं ही. पण आपण बाकीचे रेशनकार्डावर नाव चढवायला तहसीलच्या रांगेत उभे असतो, आणि आपली मुलं तर काहीच उभं करायला आलेली नसतात. त्यांना फक्त डब्बा खाताना शेजारी कोणीतरी हवं असतं.

थोरलीला ते कोणीतरी ऑगस्टमध्ये मिळालं. वर्गातली एक मुलगी, गणितात हुशार, हिच्या हिंदी हेलाला न हसणारी. एकदा शाळा सुटल्यावर ती आमच्याकडं आली. सासूबाईंनी प्रेमानं विचारलं, “कुठल्या वाडीतली गो?” तिनं सांगितलं. सासूबाई काही वावगं बोलल्या नाहीत. चहा दिला, लाडू दिला. फक्त तो ओटीवर दिला. एरवी लेकीची कुठलीही मैत्रीण थेट स्वयंपाकघरात येऊन पाटावर बसते.

लेकीनं ते पाहिलं. रात्री मला विचारलं, “वाडी म्हणजे काय?” आणि मी, तुमच्यापुढं कबूल करते, “गल्लीसारखं असतं,” असं सांगून दिवा मालवला.

त्या रात्री मला झोप आली नाही. ‘कोणाची गो तू’ हा प्रश्न ऐकायला किती गोड आहे! आपल्यापैकी अनेकांना तो ऐकण्यासाठीच परत यायचं असतं. पण त्या प्रश्नाला दात आहेत. इथून जवळच, मंडणगड तालुक्यात, आंबडवे आहे. बाबासाहेब आंबेडकरांचं मूळ गाव. न्यूयॉर्क आणि लंडनला शिकून ते १९१७ साली बडोद्याच्या नोकरीत रुजू व्हायला गेले, तेव्हा त्यांना राहायला खोली मिळेना. पारशांच्या धर्मशाळेत पारशी नाव लावून राहिले. अकराव्या दिवशी लाठ्या घेऊन माणसं आली आणि त्यांना बाहेर काढलं. दिवस त्यांनी कमाठी बागेत बसून काढला. परदेशातल्या वर्षांत आपण अस्पृश्य आहोत ही जाणीवच मनातून पुसली गेली होती, असं त्यांनी लिहून ठेवलंय. त्या आठवणींच्या पुस्तिकेचं नाव ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’. व्हिसा म्हणजे काय हे आम्हा आखातवाल्यांना कुणी शिकवायला नको. आपल्याच देशात त्या माणसाला तो लागत होता.

दुसऱ्या दिवशी मी लेकीला वाडी म्हणजे काय ते सांगितलं. सगळं सांगितलं, बाबासाहेबांचंही. सासूबाईंशीही बोलले. तो संवाद सोपा झाला नाही आणि एका दिवसात संपलाही नाही. पण मैत्रीण पुन्हा आली तेव्हा लेक तिचा हात धरून सरळ चुलीपाशी घेऊन गेली, आणि सासूबाईंनी पाट सरकवला. कुणी काही बोललं नाही. गावाचं फक्त चांगलंच सांगून मी मुलीला आणलं होतं. वाईट कळल्यावर ती गावावर रुसेल अशी भीती होती. झालं उलटंच. ज्या गोष्टीचा राग येतो, ती थोडी आपली झालेली असते की काय कोण जाणे.

मध्ये एकदा आम्ही परशुरामला गेलो. पीरलोटे ओलांडलं की घाटाच्या तोंडाशी देऊळ. तिथून खाली वाशिष्ठी दिसते. सासऱ्यांनी नातवंडांना कथा सांगितली. परशुरामानं जिंकलेली सगळी पृथ्वी कश्यपाला दान केली, मग दान दिलेल्या जमिनीवर राहायचं कसं? म्हणून समुद्र मागं हटवला आणि कोकण मिळवलं. धाकट्याला समुद्र किती मागं गेला याचं गणित हवं होतं. थोरली जरा वेळानं म्हणाली, “म्हणजे त्यालापण जागा नव्हती?” सासरे म्हणाले, “नव्हती तर.” एवढंच. पायऱ्या उतरताना ती बऱ्याच दिवसांनी गुणगुणत होती. मल्याळी गाणं होतं.

गाव तिला चिकटलं ते मी केलेल्या कुठल्याच प्रयत्नामुळं नाही. हे मी मुद्दाम सांगते, कारण मी खूप प्रयत्न केले होते. मराठी गोष्टींची पुस्तकं आणली. घरात हिंदी बंद केलं, तो तर शुद्ध मूर्खपणा होता. जुबैलच्या कन्नूरवाल्या मैत्रिणीशी फोनवर तासनतास बोलायची त्यावर बंधन घातलं, तोही. मला वाटायचं, जुनं सुटल्याशिवाय नवं लागणार नाही.

आमच्या पलीकडच्या मोहल्ल्यात एक भाबी राहतात. नवरा दम्मामला. खेड तालुक्यातल्या कोकणी मुसलमानांना समुद्रापलीकडं जाणं नवं नाही. रत्नागिरी-कुलाब्यातली कुटुंबं शंभरावर वर्षांपूर्वी पार केपटाऊनला जाऊन स्थायिक झालीत. भाबींच्या नवऱ्यानं व्हॉट्सॲपवर एका कागदाचा फोटो पाठवला होता, अरबीत, आणि फोन लागत नव्हता. भाबी घाबरल्या होत्या. सौदीतल्या आमच्या शाळेत अरबी शिकावीच लागायची. थोरली त्या विषयाचा भयंकर कंटाळा करायची. तिनं फोन हातात घेतला, बोटानं मोठा केला, उजवीकडून डावीकडं नजर फिरवत गेली. “हे नाव. ही तारीख. हा पगार. हा शब्द मला नाही येत, बाबाला विचारते.” बाबाला फोटो गेला, उत्तर आलं. कराराचं नूतनीकरण होतं, काळजीचं कारण नव्हतं. भाबींनी तिचा चेहरा दोन्ही हातांनी कुरवाळला. दुसऱ्या दिवशी शिरखुर्म्याचं पातेलं घरी आलं, त्याच्या मागून दुसऱ्या एका घरातून अरबी औषधाचा बॉक्स आला, मग कुणाचा तरी इकामा, म्हणजे सौदीत राहण्याचा परवाना.

महिनाभरात मोहल्ल्यात आणि आमच्या वाडीत तिला नाव पडलं, ‘जुबैलवाली’. जे मी खरवडून काढायला बघत होते त्याच नावानं गाव तिला ओळखायला लागलं. दिवाळीत खाटेखालचं कार्टन बाहेर आलं. आत काय होतं ते मी सांगणार नाही, तिनं मला नीट बघू दिलं नाही. भिंतीला चार खिळे मात्र तिनं स्वतः ठोकले. दोन वाकडे आहेत.

तिचा बाबा २०२० मध्ये आला, विमानं बंद पडून मग खास सोडली गेली त्या धांदलीत. लोट्यातच एका कारखान्यात लागला. आल्यावर पहिले सहा महिने तोच सगळ्यांत जास्त हरवलेला होता. एवढ्या वर्षांत गावानं त्याला न विचारता किती काय बदललं होतं! शुट्झसाहेब म्हणतात तो गाफील माणूस तोच. त्याला बाजारात, बँकेत, ग्रामपंचायतीत कोण कोण बदललं ते सांगायला थोरलीच बरोबर जायची.

तुम्ही विचाराल, आणावं की आणू नये? ते मला विचारू नका. तुमचा इकामा, तुमचे आईवडील, तुमचे पैसे मला माहीत नाहीत. आणणार असाल तर ‘आपण परत चाललोय’ असं मुलाला सांगू नका, एवढंच माझं म्हणणं. ‘मी परत चाललेय आणि तू माझ्याबरोबर एका नव्या जागी येतोयस,’ असं सांगा. आणि मुलाला तिकडची आठवण आली तर ‘इथं काय कमी आहे तुला’ असं म्हणू नका. मी म्हटलंय. ते वाक्य तोंडातून गेल्यावर लेकीच्या चेहऱ्यावर जे आलं ते मला अजून दिसतं.

पुढं लेक बारावीत असताना ती आणि मी पुन्हा त्याच शेडमध्ये बसलो होतो. तिला चिपळूणला क्लास, मला बाजार. शेजारी एक कुटुंब होतं, नुकतंच आलेलं. बॅगांवर विमानाच्या पट्ट्या तशाच, आणि पांढरेशुभ्र बूट घातलेली आठ-नऊ वर्षांची मुलगी. पलीकडं एक आजी. तीच की दुसरी, मला आता ओळखता येणार नाही. आपल्याकडं प्रत्येक शेडमध्ये एक असतेच. तिनं वाकून विचारलं, “कोणाची गो तू?”

मुलीनं आईकडं पाहिलं. आई मोबाइलवर रिक्षावाल्याशी बोलत होती.

थोरलीनं मांडीवरची सॅक खाली ठेवली, बाकावर मुलीसाठी जागा केली आणि आजीला म्हणाली, “आजी, आत्ताच आली हाय ती. जरा बसू दे तिला, मग विचार तू.”

आजी म्हणाली, “बस गो बाय, बस.”

तेवढ्यात आमची चिपळूणची गाडी आली.